तिसरी तार

मिनिटाला दहा कालवं फोडायचे मी.
सुरी सांध्यात घालायची, मनगट वळवायचं, बस्स.
अकरा वर्षं. शिंकोटीग बेटावर बायकांना
दुसरं काम होतं कुठे?
मग खाडीपलीकडे रॉकेटवाले आले,
त्यांना न थरथरणारे हात हवे होते.

आता भिंगाखाली इरिडियमची तार.
केसाइतकी बारीक, डॉक्टर हॅल्व्हरसन म्हणतात,
त्यांच्या डोक्यावर एकही नाही.
अशा आठ तारा एका पात्यावर ओळीने,
दंताळ्याला दात असावेत तशा.
दंताळं बसवायचं यानाच्या शेपटाशी.
यान वरून परत हवेत घुसलं
की हवेला पळायला वेळ मिळत नाही,
ती चेपते, तापते, तिचे अणू फुटतात,
आणि सुटे झालेले कण यानाभोवती उजेड धरतात.
त्या उजेडात हे दंताळं,
किती लागलं दातांना ते मोजायला.

एक गोष्ट मला नीट कळायला आठवडा लागला.
तार आत शिरली की आग
तिच्यापासून जराशी मागे सरकते,
तारेभोवती पातळशी खोळ धरते.
मी विचारलं, म्हणजे मोजायला गेलं
की ती होती तशी राहत नाही?
डॉक्टर म्हणाले, नाही राहत,
तेवढं आम्ही गणितात वजा करतो.

मला नाही येत वजा करता.

बासष्टच्या मार्चमध्ये समुद्र घरात आला.
एलवुडची होडी गेली,
कालवांचं रान वाळूखाली गेलं,
आणि एलवुड बोलायचा थांबला.
म्हणजे मीठ मागतो. दार लाव म्हणतो.
मीच बोलते, रोज जेवताना,
सांगायची परवानगी असलेलं सगळं
आणि नसलेलंही थोडं.
सांगितलं त्याला: त्या आगीत असताना
यानाचा रेडिओ बाहेर ऐकू येत नाही.
बर्म्युडाला पोरं कानाला यंत्र लावून बसतात,
त्यांना नुसती खरखर.
यान मात्र आत बडबडतच असतं,
टेपवर भरून ठेवतं, आग ओसरली की पुन्हा म्हणतं.
आणि म्हटलं, गंमत ऐक, बाहेरून पाण्याची चूळ मारली
तर क्षणभर आवाज येतो म्हणे.
पाण्याची, एलवुड.
त्याने मक्याच्या पावाचा तुकडा मोडला.

ऑगस्टमध्ये सोडलं.
दलदलीत उभी राहून पाहिलं मी,
डास मानेवर, तट्टं शेपट्या हलवत,
एक ठिपका वर गेला आणि संपला.
तो परत आला तो माझ्यापासून
शेकडो मैल दूर, कुणाच्या तरी रात्रीत.

दोन आठवड्यांनी व्हरांड्यात कागदाची गुंडाळी उलगडली,
सगळे गुडघ्यांवर, चपला काढून.
आठ रेघा.
सात रेघा चढल्या, थरथरल्या, उतरल्या.
तिसरी सपाट,
ओहोटीच्या चिखलासारखी.
सात पुष्कळ झाल्या, डॉक्टर म्हणाले,
आणि खरंच आनंदात होते,
कुणीतरी कॉफी सांडली त्यावरही हसले.

तिसरी मला आठवत होती.
तो मंगळवार होता, सकाळी मी
एलवुडशी भांडून आले होते. एकटीच भांडले होते.
हात थरथरला नव्हता, शपथेवर सांगते.
सांधा भिंगाखाली दोनदा पाहिला होता.
उडतानाच तुटली असेल,
किंवा वितळली असेल, कोण सांगणार.
तिथे पाहायला कुणीच नव्हतं,
तिलाच तर ठेवलं होतं पाहायला.

रात्री ताटं विसळता विसळता म्हटलं,
सातही तारांनी छान काम केलं म्हणे.
उरलेलं खाऊन टाकलं.
तो खिडकीशी बसला होता,
बोटावरचं जुनं कालवाचं वण चोळत.

"आठ होत्या ना?"

मी नळ बंद केला.